नाळताऱ्यांविषयी अनंतास

कोल्हापूर,
मार्गशीर्ष शुद्ध पंचमी

प्रिय अनंता,
सप्रेम नमस्कार.

माझ्या गोष्टीचे बाड तुझ्या लाल शाईसकट परत मिळाले. आधी राग आला, मग दोन रात्री नीट झोप लागली नाही, तेव्हाच कळले की तुझे म्हणणे बरोबर असावे. एकाच तेजोमेघात जन्मलेल्या दोन ताऱ्यांमध्ये जन्मभर एक नाळ टिकून राहते आणि एक भडकला की दुसराही त्याच क्षणी भडकतो, असे मी लिहिले होते. त्यातल्या ‘त्याच क्षणी’ या शब्दांभोवती वर्तुळ काढून तू समासात विचारलेस, ‘प्रकाश काय रजेवर गेला आहे?’ त्याचे उत्तर मला आता सापडले आहे, म्हणून हा पत्रप्रपंच.

नाळ ही माझी कल्पना. पण तारे एकत्र जन्मतात, ही काही माझी कल्पना नव्हे. गेल्या आठवड्यात कागलच्या बाजूला एका गुऱ्हाळावर गेलो होतो. काहील वाफ्यात ओतून झाली होती, चुलवाणातली चिपाडे विझत आली होती आणि सोनेरी काकवीसारखा तो पाक हळूहळू मंद होत होता. गुळाचा दाणा आधी कुठे धरतो, असे मी गुळव्याला विचारले. फावडे फिरवताफिरवता तो म्हणाला, “एका जागी कुठं धरतोय साहेब? सगळीकडनं एकदम पडतोय बगा.” बघता बघता वाफ्यात दहा ठिकाणी दाणा पडलाही. काहिलीची धग आणि शून्याखाली 260 अंशांच्या आसपासचा मेघाचा गारठा यांत तू साम्य शोधणार नाहीस, हे जाणतो; परंतु असा थंड मेघ स्वतःच्याच भाराने आकसू लागला की तोही एका जागी गोळा न होता फुटत जातो, आणि प्रत्येक गाठीतून एकेक तारा किंवा जोडी धरते, एवढे तरी तू मान्य करशील.

अमावास्येला पन्हाळ्यावर मुक्कामाला होतो. रात्री दहाच्या सुमारास मृग चांगला वर आला, तेव्हा बाणाच्या खालचा तेजोमेघाचा तो धूसर ठिपका दुर्बिणीत धरला. सुमारे 1,340 प्रकाशवर्षांवरचे ते ताऱ्यांचे सूतिकागृह! बदामीच्या चालुक्यांच्या काळी निघालेला उजेड माझ्या डोळ्यात शिरत होता आणि मी चहा थंड होतो म्हणून कुरकुरत होतो. शेजारीच कृत्तिका होत्या. त्यांतले सहा ठळक तारे निव्वळ योगायोगाने इतके जवळ दिसण्याची शक्यता पाच लाखांत एक, असे जॉन मिचेल या पाद्र्याने 1767 मध्ये गणिताने दाखवले होते. आपल्याकडे त्या सहाजणींना कार्तिकेयाच्या माता मानून एका घरात कधीच बसवले होते, हे तुला मुद्दाम सांगतो.

पहाटे ईशान्येला सप्तर्षी वर आले आणि खरा धक्का तिथे बसला, कारण त्यांची हकीकत मी जाण्याआधी वाचून ठेवली होती. सातांपैकी पुलह, पुलस्त्य, अत्रि, अंगिरस आणि वसिष्ठ हे मधले पाच, आणि त्यांच्याबरोबर अरुंधतीही, आकाशातून एकाच दिशेने एकाच चालीने निघाले आहेत. ते एकाच कुळातले आहेत. क्रतू आणि मरीची हे कडेचे दोघे मात्र परके, केवळ आपल्या नजरेच्या रेषेत आले म्हणून पंक्तीला बसलेले. लग्नात भटजींनी बोट दाखवले तेव्हा तू आणि वहिनींनी मांडवाच्या कनातीकडे पाहून मान डोलावली होती, ते मला आठवते.

आता तुझ्या प्रश्नाकडे येतो. नाळेतून निरोप प्रकाशाच्याच वेगाने जातो, त्याहून जलद नाही, हे मी मान्य केले. समज, दोन नाळतारे एकमेकांपासून 12 प्रकाशवर्षे दूर आणि आपल्या दृष्टिरेषेत एकामागे एक आहेत. मागचा आधी भडकला, तर त्याची खबर 12 वर्षांनी पुढच्याला मिळते, पुढचा भडकतो, आणि तिथून दोघांचाही उजेड खांद्याला खांदा लावून आपल्याकडे निघतो. आपल्याला दोन्ही तारे एकाच रात्री भडकलेले दिसतात! पुढचा आधी भडकला, तर मात्र खबर मागे जायला 12 वर्षे आणि मागच्याचा उजेड पुन्हा पुढच्यापर्यंत यायला 12 वर्षे, म्हणजे आपल्याला 24 वर्षे वाट पाहावी लागते. ताऱ्यांच्या लेखी दोन्ही वेळा विलंब तेवढाच असतो, फरक फक्त आपण कुठे उभे आहोत याचा. म्हणजे ‘त्याच क्षणी’ हे माझे शब्द चुकीचे नव्हते, ते चुकीच्या तोंडी घातले गेले होते. ते निवेदकाने म्हणायला नको होते. ते म्हणायचे होते गोष्टीतल्या माईने.

म्हणून गोष्ट पुन्हा लिहितो आहे. शाळामास्तरीण माई तिशीत असताना पन्हाळ्याच्या तटावरून दोन्ही तारे एकाच रात्री भडकलेले पाहते आणि त्यांना एकमेकांच्या मनातले कळते अशी तिची खात्री होते. पुढच्या खेपेला एकटा पुढचाच भडकतो. मागचा गप्प. नाळ तुटली, असे सगळे म्हणतात. माई पाटीवर तीन रेघा ओढून हिशेब मांडते आणि वहीत चोविसाव्या वर्षाच्या पानावर खूण घालते. त्या रात्री तिला तटापर्यंत चढवत न्यायचे की घरच्या अंगणातच खाट टाकायची, एवढे अजून ठरत नाही.

तू एक काम कर. दोन्ही तारे दृष्टिरेषेला काटकोनात असतील, तर कोणीही आधी भडकला तरी आपल्याला विलंब 12 वर्षांचाच दिसेल, असे माझे गणित सांगते; ते तपासून कळव, आणि लाल शाई वापरायला हरकत नाही. या पत्रासोबत त्याच गुऱ्हाळावरची पाच किलोची ढेप पाठवतो आहे. वहिनींना नमस्कार, मुलांना आशीर्वाद.

तुझा,
विश्वास