तान्ह्या पोळ्याची तारीख काढून देणाऱ्या कोतवाल काकांना

कोतवाल काका,

सप्रेम नमस्कार.

परवा पोरीची व्हॅलिडिटी, म्हणजे जात वैधता प्रमाणपत्र, हातात आली. पेढे घेऊन घरी आलो तर तुम्ही वावरात गेलेले. काकूंनी चहा पाजला, डबा ठेवून घेतला. तुम्ही भेटले असते तरी मला बोलू दिलं नसतं. "कायले लागते बावा" म्हणून गोष्ट पऱ्हाटीवर नेली असती. म्हणून हे लिहून, आणि चारचौघांना वाचता येईल असं.

ज्यांच्यावर ही वेळ आली नाही त्यांना सांगतो. ओबीसीच्या जात पडताळणीत 13 ऑक्टोबर 1967च्या आधीचा पुरावा मागतात. माझ्या वडिलांचं नाव शाळेत पडलं जून 1968ला. आठ महिन्यांनी हुकलं. (जन्मतारीख गुरुजींनी 1 जुलै टाकली. त्या वर्गातले अर्धे पोट्टे 1 जुलैचेच आहेत.) आजोबांनी शाळेची पायरी चढली नाही, आत्यानं तर नाहीच. उरलं एक कोतवाल बुक, म्हणजे गावचा कोतवाल पोलीस ठाण्यात नेऊन जन्ममृत्यू लिहवून घ्यायचा ती वही. पण कचेरीतला बाबू म्हणे, साल सांगा, महिना सांगा, मग शोधू. आमच्या घरी साल कोणाले ठाऊक? दोन चकरा झाल्या, दोन्ही वेळा अर्ज वापस.

तिसऱ्या दिवशी तुमच्या ओसरीवर येऊन बसलो. तुम्ही अंबाडीची दोरी वळत होते. मान वर न करता म्हणाले, "जलमतारीख इचारूच नोको. तवा काय काय चालू होतं, थे इचारून ये."

आत्याला फोन लावला. तिला तिच्या मायनं सांगितलेलं एवढंच ठाऊक : तान्ह्या पोळ्याच्या, म्हणजे पोळ्याच्या दुसऱ्या, दिवशी झाली, बाहेर पोट्टे लाकडी नंदी घेऊन बोजारा (खाऊ-पैसे) मागत फिरत होते, अन् त्याच साली गावातले लोक दीक्षेसाठी नागपूरला गेले. तुम्ही दोरी खाली ठेवली. "दीक्षा दसऱ्याले. 14 ऑक्टोबर 1956. दसऱ्याच्या चाळीस दिवस मांगं पोळ्याची अमावस. सप्टेंबर लागला लागला होता." मी मोबाईलवर कॅलेंडर उघडेपर्यंत तुमचा हिशोब संपलाही होता.

दुसऱ्या दिवशी, गुडघा दुखत असताना, एसटीनं सोबत आले. बुक बाहेर आलं तर माथ्यावर मध्य प्रदेश. मी म्हटलं, चुकीचं काढलं. तुम्ही हसले. विदर्भ मुंबई राज्यात गेला 1 नोव्हेंबर 1956ला, त्याच्या आधी आपण तिकडचेच. सप्टेंबरचा पहिला आठवडा पाहिला, काहीच नाही. मी उठलो. तुम्ही शर्टाची बाही धरून खाली बसवलं.

"अरे, कोतवाल रोज ठाण्यात थोडीच जाते? हजेरीले गेला का मुन्शी लिवून घे. तारीख हजेरीची पडते."

आणि तेव्हा तुम्ही तुमच्या आज्याची गोष्ट सांगितली. तेही कोतवाल, अंगठाबहाद्दर. बुक काखेत, आणि कमरेला अंबाडीची दोरी. गावात लेकरू झालं की साधी गाठ, कोणी गेलं की दुहेरी. ठाण्यात मुन्शीसमोर एकेक गाठ बोटांनी चाचपत घर सांगायचे. मी विचारलं, कोणत्या गाठीचं कोणतं घर हे कसं कळे? तुम्ही माझ्याकडे असं पाहिलं की मी परत विचारलं नाही.

बारा दिवसांनंतरच्या पानावर सापडलं. शाई चहासारखी झालेली. मुलगी. बाप : उकंडा वल्द कवडू. पुढच्या रकान्यात जात. माझं काम तिथं झालं होतं. नकलेचा अर्जही लिहून झाला.

तुमचं मात्र झालं नव्हतं. "उकंडा नाव काहून ठेवलं असंन?" म्हणत तुम्ही तीसच्या दशकातलं बुक मागितलं. आजोबांच्या जन्माची ओळ सापडली. नाव नाही, नुसतं "मुलगा". तुम्ही तिथून मागं मागं पानं उलटत गेले आणि दोन ठिकाणी बोट ठेवलं, दोन्हीकडे बाप कवडू. मुलगी, 3 दिवस. मुलगा, 8 महिने, ताप. लेकरं जगत नाहीत म्हणून तिसऱ्याला उकिरड्यावर ठेवून उचललं, नाव पडलं उकंडा. बरं, पणजोबाचंच नाव कवडू, म्हणजे त्यांनाही कोणी कवडीला विकत घेतलं असणार. आजोबांच्या आधी दोघं होते, हे आमच्या घरात एकालाही ठाऊक नव्हतं. आजोबांना तरी होतं का, कोण जाणे.

हे सगळं ऐकून पोरीनं एक गोष्ट लिहायला घेतली आहे. काळ लिहून ठेवणाऱ्यांचं एक गुप्त मंडळ असतं, राजे बदलतात, राज्यं बदलतात, यांची वही बदलत नाही, असं काहीतरी. मंडळाचा नियम तिनं केला : लिहिलेलं खोडायचं नाही. तुम्हाला वाचून दाखवलं तर तुम्ही म्हणाले, "खोडता येते, पण बाजूले सही लागते." तिनं नियम बदलला. ज्यांनी कोतवालकीसाठी जन्मभर चतुर्थ श्रेणी मागितली आणि मानधनावरच निवृत्त झाले, ते तिच्या गोष्टीत मंडळाचे मुख्य आहेत.

त्या दोन ओळींचीही नक्कल काढली, काका. बाबूनं विचारलं, कोणत्या कामासाठी? मी म्हटलं, घरी ठेवायला. त्यानं अर्जावर "वैयक्तिक" लिहिलं.

डब्याची घाई नाही. रविवारी येतो, पोरगीही येते म्हणते. आज्याची ती दोरी कोठीत खुंटीला असंन म्हणाले होते. सापडली तर काढून ठेवा.

तुमचा,
उकंड्याचा नातू