एडिटिंगच्या क्लासला फी भरण्याआधी

महोदय,

बारावीचा निकाल लागला की नौपाड्यापासून वाशीपर्यंत ‘व्हिडिओ एडिटिंग, तीन महिने, नोकरीची हमी’ अशा पाट्या झळकू लागतात. तीन महिन्यांत सॉफ्टवेअरवर हात बसतो, हे खरे. पण माहितीपटाच्या संकलनाकडे वळू पाहणाऱ्यांनी फी भरण्याआधी एकच विचारावे: सरावाला किती तासांचे कच्चे फुटेज देता?

तासाभराच्या माहितीपटासाठी पन्नास-साठ तासांचे चित्रीकरण होणे नवलाचे नाही. १०० एमबीपीएसचे (सेकंदाला १०० मेगाबिट) तासभर फुटेज म्हणजे ४५ जीबी. साठ तासांचे २.७ टीबी. त्याच्या तीन प्रती हव्यात, पैकी एक दुसऱ्या पत्त्यावर. पहिले काही आठवडे कापाकापी जवळजवळ नसतेच. सगळे पाहायचे, टाइमकोडसह (फुटेजमधल्या नेमक्या वेळेच्या आकड्यासह) नोंदी करायच्या, मुलाखती शब्दशः उतरवायच्या आणि जुळवाजुळव आधी कागदावर करायची. हा कंटाळा सोसणारा टिकतो.

मोबाइलचे फुटेज असेल तर आणखी एक खोडा. त्याचा फ्रेम रेट, म्हणजे सेकंदाला किती चित्रे, चालता चालता बदलतो. आधीच ते स्थिर २५ फ्रेम्सला बदलून घेतले नाही, तर सुरुवातीला जुळलेला आवाज वीस मिनिटांनी ओठांच्या मागेपुढे धावू लागतो.

खरी परीक्षा आवाजात होते. कळव्यात रुळांलगतच्या घरात मुलाखत चालू आहे आणि उत्तराच्या मध्येच लोकल जाते, असे समजा. मधली दोन वाक्ये काढली की गाडीचा आवाज अर्ध्यातच तुटतो. वर घराचे दुसरे दृश्य ठेवून चित्रातला सांधा झाकता येतो, कानाला मात्र फसवता येत नाही. म्हणून प्रत्येक जागेची किमान तीस सेकंदांची शांतता, म्हणजे कोणी बोलत नसतानाचा तिथला आवाज, सांध्याखाली भरायला वेगळी ध्वनिमुद्रित करून मागावी. आणि मुलाखत देणारी बाई ‘नाही’ म्हणून चार सेकंद थांबली असेल, तर तो थांबा कापू नये. कापला की तिचे उत्तर ठाम वाटते, जे ते नव्हते. नवशिके हीच चूक सर्वाधिक करतात, आणि क्लासमध्ये तिला ‘टाइट कट’ म्हणून शाबासकी मिळते!

उत्पन्नाचे म्हणाल तर, १९४८ साली सुरू झालेले, सरकारसाठी माहितीपट बनवणारे फिल्म्स डिव्हिजन आता एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झाले आहे. सरकारी पगारी संकलकाची ती वाट धरून चालू नये. बरेच जण कंपन्यांच्या फिल्म्सवर घर चालवतात आणि मधल्या वेळात माहितीपट करतात. करारात रफ कट (पहिली ढोबळ जुळणी), फाइन कट (बारकाईने घासलेली), पिक्चर लॉक (यापुढे चित्रात बदल नाही) असे टप्पे आणि प्रत्येक टप्प्याची रक्कम लिहून घ्यावी. दुरुस्तीच्या किती फेऱ्या, हेही लिहावे. पिक्चर लॉकनंतर पाच सेकंद जरी हलवले, तरी ध्वनी आणि रंगाचे काम पुन्हा उघडावे लागते. त्याचे पैसे वेगळे.

— एक संकलक, ठाणे (पश्चिम)