घरकर्जाचीही पट्टी मिळू द्या: सांगलीच्या जिल्हाधिकाऱ्यांना खुले पत्र

प्रति,
माननीय जिल्हाधिकारी, सांगली

महोदय,
सविनय नमस्कार.

मार्केट यार्डात हळदीच्या एका अडत दुकानात मी गेली १९ वर्षं हिशेब लिहिते. सौदा झाला की शेतकऱ्याच्या हातात पट्टी द्यायची, हे माझं रोजचं काम. पोती किती, वजन किती, क्विंटलला भाव काय निघाला, हमाली किती, तोलाई किती, आधी उचल घेतली असेल तर ती किती वळती केली आणि शेवटी हातात किती पडणार. सगळं एका कागदावर, मराठीत. वाळव्याकडचा एखादा म्हातारा शेतकरी चष्मा पुसून ती पट्टी वरपासून खालपर्यंत वाचतो. तोलाईत दहा रुपयांचा फरक दिसला तर मला जागेवरून उठवतो, आणि तो त्याचा हक्कच आहे.

वीस वर्षं फेडायचं घराचं कर्ज काढताना मला अशी पट्टी कुणी दिली नाही. मीही मागितली नाही. हे पत्र त्या पट्टीसाठी लिहिते आहे.

आम्ही गावभागात भाड्याने राहत होतो. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आयर्विन पुलापाशी पाणी ५७ फुटांवर गेलं तेव्हा आमचं निम्मं सामान चिखलात गेलं. मुलीची दहावीची वह्या-पुस्तकं मी गच्चीवर वाळत घातली होती, पानं एकमेकांना चिकटली ती सुटलीच नाहीत. तेव्हाच ठरवलं, आता उंचावर, स्वतःच्या घरात जायचं. मुद्रांक शुल्कातली सवलत ३१ मार्च २०२१ ला संपणार होती, म्हणून घाई केली आणि फेब्रुवारीत विश्रामबागच्या पुढे दोन खोल्यांचा फ्लॅट घेतला. पुढे जुलैत पुन्हा पूर आला, तेव्हा आमच्या उंबऱ्याला पाणी लागलं नाही. घर घेतल्याचा पश्चात्ताप मला एक दिवसही झालेला नाही, हे आधीच सांगते.

कर्ज २२ लाखांचं. दर ६.९ टक्के, मुदत २० वर्षं, हप्ता १६,९२५ रुपये. शाखेत आम्हाला एकच प्रश्न विचारला गेला: हप्ता परवडेल ना? आम्ही भाडं, किराणा, मुलीची फी मांडली आणि हो म्हणालो. २४० हप्त्यांचे मिळून ४० लाख ६२ हजार होतात, ही बेरीज त्या टेबलावर ना त्यांनी केली, ना आम्ही. दिवसभर बेरजाच करणारी मी, घरच्या खात्याला मात्र तो एक गुणाकार केला नाही.

त्या २२ लाखांत १ लाख २० हजार हे घराचे नव्हतेच. तो विम्याचा एकरकमी हप्ता होता. "वेगळे भरायची गरज नाही, कर्जातच घालतो," असं सांगितलं गेलं आणि आम्हाला ती सोय वाटली. कर्जात घातलेल्या त्या रकमेवरही वीस वर्षं व्याज चढतं. ठरलेल्या दराने धरलं तरी १ लाख २० हजारांचे २ लाख २१ हजार होतात. कर्जदाराच्या पाठीमागे बायकामुलांना आधार हवाच, त्याबद्दल दुमत नाही. पण तोच विमा दरवर्षी थोडे पैसे भरून बाहेरून घेता येतो का, एवढं विचारण्यापुरती तरी माहिती समोर असायला हवी होती.

आता मुख्य गोष्ट. आमच्यासारखं कर्ज रेपो दराला, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने पैसे देते त्याला, बांधलेलं असतं. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना बदलत्या दराचं नवं घरकर्ज बाहेरच्या दराला जोडावं लागतं आणि निदान तीन महिन्यांतून एकदा दर नव्याने लावावा लागतो. (गृहवित्त कंपन्यांना ते बंधन नाही. त्यांचा दर त्यांच्या स्वतःच्या अंतर्गत दरावर चालतो, आणि हा फरकसुद्धा कर्ज घेणाऱ्याला क्वचितच कुणी सांगतं.) मे २०२२ च्या सुरुवातीला रेपो दर ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा झाला. म्हणजे आमचा दर ६.९ वरून ९.४ वर गेला.

मोबाईलवर इंग्रजीत मेसेज येत होते. सौद्याच्या गर्दीत, हळदीने पिवळ्या झालेल्या बोटांनी मी ते पुसून टाकत होते. खात्यातून हप्ता जात होता, म्हणजे सगळं ठीक चाललंय अशी समजूत. मार्च २०२३ मध्ये दुसऱ्याच कामासाठी कर्जाचा उतारा काढला आणि शेवटच्या हप्त्याची तारीख वाचून मी तिथल्या बाकावर बसले. फेब्रुवारी २०५१. घेतलेलं कर्ज २०४१ ला संपणारं होतं. २०५१ मध्ये आमचे यजमान सत्तर वर्षांचे असतील.

रात्री जेवणं झाल्यावर मी दुकानातल्यासारखी रेघा मारलेली वही घेतली आणि पहिल्यांदाच आमच्या घराची पट्टी लिहिली. दोन वर्षांत चार लाखांवर रुपये भरले होते आणि मुद्दल उतरलं होतं ९३ हजारांनी. उरलेल्या २१ लाख ७ हजारांवर ९.४ टक्क्यांनी महिन्याचं व्याजच १६,५०० होतं. हप्ता १६,९२५ च ठेवला असता तर मुद्दलात महिन्याला चारशे-साडेचारशे रुपये पडले असते आणि कर्ज फिटायला आणखी ३९ वर्षं लागली असती. म्हणून बँकेने हप्ता थोडा वाढवून १७,७९६ केला आणि मुदत दहा वर्षं लांबवली. तेव्हाचा दर तसाच राहिला असं धरलं तर राहिलेल्या ३३६ हप्त्यांचे जवळपास ५९ लाख ७९ हजार.

दुसरा मार्ग होता. मुदत हलवायची नाही, हप्ता २०,२५८ करायचा. मग राहिलेले २१६ हप्ते, एकूण ४३ लाख ७६ हजार. फरक १६ लाखांचा, आणि तो वाचवायला लागणारे पैसे महिन्याला अडीच हजारांच्या आत. "ताई, अडीच हजार जास्त भरता का?" असं कुणी विचारलं असतं तर आम्ही कसंही करून भरले असते. यजमान कुपवाडच्या कारखान्यात आहेत, ओव्हरटाईम करतात. अडीच हजार म्हणजे महिन्यातले तीन-चार ओव्हरटाईम. त्या बदल्यात म्हातारपणीची दहा वर्षं मोकळी होत होती.

शाखेतले साहेब सभ्य होते. ते म्हणाले, "तुमच्यावर भार येऊ नये म्हणून तर हप्ता फार वाढू दिला नाही." त्यांनी ते मनापासून सांगितलं, मला शंका नाही. पण वाढलेल्या मुदतीला तिथे भार समजतच नाहीत. खिशातून आज जाणारा पैसा दिसतो, २०४५ साली जाणारा दिसत नाही. तो कागदावर मांडला तरच दिसतो.

दोन खेपा घालून, अर्ज देऊन आम्ही हप्ता वाढवून घेतला. दिवाळीच्या बोनसमधून मुद्दलातही थोडं भरतो. बदलत्या दराच्या घरकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड रिझर्व्ह बँकेने २०१२ सालीच बंद केला आहे, पण आमच्या इमारतीतल्या निम्म्या लोकांना अजून वाटतं की आधी भरलं तर दंड बसतो. मी त्यांना एक हिशेब दाखवते. मार्च २०२३ मध्ये, त्या लांबलेल्या मुदतीत, आम्ही ५० हजार रुपये मुद्दलात भरले असते तर शेवटचे ३४ हप्ते गळून पडले असते. ३४ हप्ते म्हणजे ६ लाख. हा आकडा कुणालाच खरा वाटत नाही, मलाही वाटला नव्हता. मी तो तीनदा करून पाहिला आहे.

नियम आमच्या बाजूने झाले, हेही नमूद करते. १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात रिझर्व्ह बँकेने सांगितलं की दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला निवडू द्या. किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झालं, किती हप्ते राहिले, हे दर तिमाहीला सोप्या भाषेत कळवा. आणि १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या किरकोळ कर्जासोबत की फॅक्ट स्टेटमेंट देणं सक्तीचं झालं. व्याज, प्रक्रिया शुल्क, वकिलाची फी, विमा असे सगळे खर्च धरून वर्षाला खरा दर किती पडतो ते त्यात लिहायचं, परतफेडीचा तक्ता जोडायचा, विचार करायला निदान तीन कामाचे दिवस द्यायचे. मुख्य म्हणजे ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत हवं आणि समजावून सांगितल्याची त्याची सही हवी. आम्ही ज्याला पट्टी म्हणतो, ती हीच.

ती मिळते का, ते सांगते. आमच्या खालच्या मजल्यावरचा एक मुलगा गेल्या वर्षी कर्जाची फाईल घेऊन माझ्याकडे आला. पातळ कागदावर बारीक अक्षरांत पन्नासेक पानं, सगळी इंग्रजी. ते की फॅक्ट स्टेटमेंट मधेच कुठेतरी होतं, तेही इंग्रजी. त्याच्या खाली "मला समजेल अशा भाषेत समजावून सांगितले" अशा अर्थाच्या इंग्रजी ओळीवर त्याची सही होती. मुलगा आयटीआय झालेला, मायक्रोमीटर वाचणारा. त्याला फक्त हप्ता ठाऊक होता: १८ लाख, साडेआठ टक्के, २५ वर्षं, १४,४९४ रुपये. मी ३०० ने गुणून दाखवलं. तो बराच वेळ त्या आकड्याकडे बघत राहिला आणि म्हणाला, "ताई, अठरा लाखांचे त्रेचाळीस कसे?" १५ वर्षांची मुदत घेतली असती तर हप्ता १७,७२५ आला असता आणि एकूण ३१ लाख ९० हजारांत सुटका झाली असती. त्याचा पगार तो हप्ता सोसू शकत होता. पण त्याला तो पर्याय दाखवलाच नव्हता. "आयकरात सूट मिळते," हे मात्र दोनदा सांगितलं होतं. त्याला आयकर बसत नाही, आणि नव्या करप्रणालीत स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळतही नाही.

रिझर्व्ह बँकेचे नियम आपल्या हातात नाहीत, हे मी जाणते. पण जिल्हा सल्लागार समितीचे अध्यक्ष आपण आहात. दर तिमाहीला जिल्ह्यातल्या बँका आपल्यासमोर बसतात, पीककर्जाचं उद्दिष्ट किती टक्के गाठलं याचा जाब आपण विचारता. त्याच बैठकीत एक प्रश्न विचारावा: मागच्या तीन महिन्यांत जिल्ह्यात जेवढी घरकर्जं दिली, त्यातल्या किती कर्जदारांना की फॅक्ट स्टेटमेंट मराठीत दिलं? शाखावार आकडा मागावा आणि तो इतिवृत्तात यावा. प्रश्न दोन बैठकांना विचारला गेला तर तिसऱ्या बैठकीपर्यंत मराठी कागद छापून येतील, असा माझा अनुभव सांगतो. बाजार समितीत हिशेबाच्या कागदांची तपासणी सुरू झाली की अडत्यांचे कागद कसे सरळ होतात, ते मी जवळून पाहिलं आहे.

दुसरी विनंती दुय्यम निबंधक कार्यालयांबद्दल. घर घेणारा प्रत्येक माणूस तिथे तास-दोन तास बाकावर बसतो. तिथल्या भिंतीवर एक तक्ता लावावा. एक लाखाला साडेआठ टक्क्यांनी १५ वर्षांत एकूण १ लाख ७७ हजार, २० वर्षांत २ लाख ८ हजार, २५ वर्षांत २ लाख ४२ हजार फेडावे लागतात. तीन ओळी पुरेत. त्याखाली लिहावं की बदलत्या दराचं घरकर्ज मुदतीआधी भरायला दंड नाही, दर बदलल्यावर पर्याय निवडायचा हक्क आपला आहे, आणि तक्रारीला बँकेने ३० दिवसांत उत्तर दिलं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जाता येतं.

२०२५ मध्ये फेब्रुवारी, एप्रिल आणि जून मिळून रेपो दर एक टक्क्याने उतरला. ज्यांची मुदत २०२२-२३ मध्ये न विचारता लांबली, त्यांची ती आता किती मागे आली, हप्ता तोच आहे की कमी केला, हेही बँकांनी प्रत्येकाला मराठीत लेखी कळवावं असं आपण सुचवावं. सांगली-मिरजेत पुरानंतर उंचावर घर घेतलेली कितीतरी कुटुंबं नेमकी याच काळातली कर्जदार आहेत.

मी लिहिलेल्या पट्टीचा नमुना सोबत जोडला आहे. रकाने अकरा, पान एक. आकडे आमच्याच कर्जाचे घातले आहेत, ते खोडून कुणाचेही घालता येतील. येत्या तिमाही बैठकीच्या विषयपत्रिकेवर हा विषय घ्यावा, ही विनंती. बोलावणं आलं तर दुकानातून अर्धा दिवस रजा काढून मी वही घेऊन येईन.

आपली नम्र,
मार्केट यार्डातली एक हिशेबनीस
सांगली