मांडववाल्या काकांना, चर्चमधल्या लाल डोंगराबद्दल

काका,

सप्रेम नमस्कार.

तुमचं नाव कुठं लिहायचं नाही असं तुम्ही बजावलंत, म्हणून लिहीत नाही. नगरमध्ये ज्यांनी गणपतीत तुमचे मांडव पाहिलेत ते ओळखतीलच. समारोपाच्या दिवशी पाळकसाहेबांनी सगळ्यांचे आभार मानले, उपमा-शिरा करणाऱ्या महिला मंडळापासून पाण्याचे जार देणाऱ्या मुलापर्यंत. तुमची पाळी आली तेव्हा तुम्ही मागच्या दाराने टेम्पो काढून पसार झाला होतात. ते माझ्या मनाला लागून राहिलं. म्हणून हे पत्र असं चारचौघांत लिहितेय. रागावू नका.

वाचणाऱ्यांसाठी एवढंच सांगते की मे महिन्यात आमच्याकडे सुट्टीतली पवित्र शास्त्र शाळा भरते. तिला सगळे व्हीबीएसच (व्हेकेशन बायबल स्कूल) म्हणतात. पाच दिवस, सकाळी आठ ते अकरा. गाणी, गोष्टी, वचनं पाठ करणं, हस्तकला, खेळ आणि नाश्ता. दरवर्षी एक विषय घेऊन हॉल सजवायचा. यंदाचा विषय होता ऑस्ट्रेलियाचं आउटबॅक, म्हणजे त्या देशाच्या पोटातला कोरडा, लाल मातीचा, मैलोन्‌मैल माणूस न दिसणारा मुलूख. पुस्तक परदेशातून आलेलं होतं. त्यात सजावटीसाठी फुगवायचे कांगारू आणि भिंतभर छापील पडदे मागवा असं लिहिलं होतं. आमच्याकडे होते सहा हजार रुपये, आणि त्यातच नाश्ता.

तुमच्याकडे आले तेव्हा मी मोबाइलवर एक फोटो दाखवून म्हणाले, "काका, थर्माकोलचा असा डोंगर किती दिवसांत होईल?" तुम्ही सरळ सांगितलंत की २०१८ साली बंदी आली तेव्हापासून थर्माकोलला हात लावलेला नाही. मग फोटो मोठा करून बराच वेळ पाहत राहिलात आणि म्हणालात, "ही माती तर आपल्या गेरूसारखी दिसतीये."

ते अगदी खरं निघालं. त्या भागातल्या खडकात, वाळूत लोह आहे आणि ते हवापाण्याने गंजत आलंय. तोच गंज तिथल्या मातीला लाल करतो. आपल्या गेरूचा लालपणाही लोखंडाचाच. म्हणजे पाच किलो गेरू आणि दोन किलो पिवळी माती कालवून तुम्ही जो रंग केलात तो जातीने त्या डोंगराचा सख्खा भाऊ होता. डबाबंद रंगात तो आला नसता.

मग गोणपाट आलं, बांबू आले, सुतळी आली. रद्दी आम्ही घराघरांतून गोळा केली. महिला मंडळाने मोठ्या पातेल्यात खळ शिजवली. "मोरचूद घालू का?" असं कुणीतरी विचारलं, तर तुम्ही ओरडलातच, "पोरं हात लावणार, तेच हात तोंडात घालणार. चार दिवसांचं काम आहे, कीड लागली तर लागू द्या." मी बारा वर्षं संडेस्कूल शिकवतेय, पण हे माझ्या डोक्यात आलं नव्हतं.

आता त्या घसरगुंडीबद्दल. खरं तर याच्यासाठीच हे पत्र लिहायला घेतलं.

माझा बेत असा होता की व्यासपीठाच्या डाव्या बाजूला तो मोठा लाल डोंगर उभा करायचा, एका अंगाने पायऱ्या, दुसऱ्या अंगाने घसरगुंडी. मुलांनी चढायचं, माथ्यावर उभं राहून वचन म्हणायचं आणि घसरत खाली यायचं. मी स्वतःवर भलतीच खूश होते. तुम्ही बांबूचा सांगाडा बांधता बांधता सहज विचारलंत, "ताई, हा डोंगर खराखुरा आहे का कुठं? तिथं कोण राहतं?"

मला धड उत्तर देता आलं नाही. उलुरू एवढं नाव माहीत होतं. रात्री घरी बसून वाचलं. जमिनीपासून ३४८ मीटर उंच, पायथ्याने फेरी मारायची तर नऊ किलोमीटरहून जास्त, अख्खा एकच खडक. आणि तो तिथल्या अनांगू लोकांसाठी पवित्र आहे. २६ ऑक्टोबर १९८५ ला सरकारने ती जमीन त्यांच्या नावावर परत केली, तरी पर्यटक वर चढतच राहिले. पायथ्याशी पाटी होती, आम्ही चढत नाही, तुम्हीही चढू नका अशा अर्थाची. लोक ती वाचून पुढे चढायचे. शेवटी २६ ऑक्टोबर २०१९ पासून चढणं कायमचं बंद झालं.

सकाळी तुम्हाला सांगितलं तेव्हा तुम्ही हातातली पक्कड खाली ठेवलीत. "मग आपण पोरांना कळसावर चढवतो का?" एवढंच म्हणालात. आणि माझ्या उत्तराची वाट न बघता पायऱ्यांचे बांबू सोडायला लागलात.

काका, मला ओशाळल्यासारखं झालं. दुसऱ्याच्या श्रद्धेचा मान राखावा हे मी वर्गात दरवर्षी शिकवते. पुस्तकात डोंगर होता, मला घसरगुंडी दिसली. तुम्हाला मात्र तिथं राहणारी माणसं आठवली. तुम्ही मूर्तीसाठी मखर बांधणारे, देवाची जागा कुठली आणि पाय ठेवायची कुठली हे तुमच्या हाताला ठाऊक आहे.

त्याच झटक्यात माझा हस्तकलेचा तासही बदलला. मी मुलांकडून ठिपक्याठिपक्यांची 'तिकडची' चित्रं काढून घेणार होते. १९७१ च्या सुमारास पापुन्या नावाच्या वस्तीत तिथल्या माणसांनी आपल्या पूर्वजांच्या कथा अशा शैलीत रंगवायला सुरुवात केली. त्यातली कुठली कथा कोणी सांगायची, याचेही त्यांच्यात हक्क आहेत. आपण कापसाच्या काडीने ठिपके मारून तासाभरात 'तसंच' करायचं, हे मग मला बरं वाटेना. त्याऐवजी मुलांनी रस्त्यावरच्या पिवळ्या चौकटीच्या पाट्या केल्या, 'पुढे कांगारू आहेत' वगैरे. एकाने 'पुढे पाळकसाहेब आहेत' अशी पाटी केली, ती त्यांनी स्वतःच्या केबिनवर लावून घेतली.

तर डोंगर मागे गेला, दूर, पडद्याला टेकून. आणि पुढे भुशाची पोती रचून तुम्ही लाल वाळूची टेकडी केलीत. तिच्यावरून मुलं मनसोक्त घसरली. अर्ध्या नगरच्या आयांनी गेरूचे कपडे धुतले असतील.

प्राण्यांबद्दल बोलायलाच हवं. तुमचा पहिला कांगारू बघून मी हसू दाबलं होतं. चाळीस वर्षं मूषक केलेल्या हाताने कांगारू केला, तर तो मोदकाची वाट बघत असल्यासारखा बसणारच. तुम्हीही मान तिरकी करून म्हणालात, "ह्याला शेपटीवर जोर दिला पाहिजे." दुसरा झकास जमला. पण इमूला तुम्ही फोटोसुद्धा मागितला नाहीत! आपल्याकडे इमू पाळायची लाट आली होती तेव्हा तुमच्या साडूंनी कर्ज काढून जोड्या घेतल्या होत्या, आणि धंदा बसल्यावर त्या पक्ष्यांना घरचा दाणा घालायची वेळ आली होती. "मेला कसा रोखून बघतो ते मला पाठ आहे," म्हणालात. त्या इमूच्या नजरेला बालवर्गातली दोन पोरं शेवटपर्यंत बिचकून होती.

दुसऱ्या रात्री वळीव आला. हॉलची मागची खिडकी उघडी राहिली होती, ती चूक माझी. सकाळी बघते तर डोंगराच्या उजव्या अंगावरून गेरू ओघळून खाली आलेला आणि वरपासून खालपर्यंत काळपट पट्टे. मला रडूच यायचं बाकी होतं. तुम्हाला फोन केला, तुम्ही आलात, दोन पावलं मागे सरून पाहिलंत आणि ब्रश काढलाच नाहीत. "राहू द्या," म्हणालात, "पावसात भिजलेला वाटतोय." नंतर मी पावसातल्या उलुरूचे फोटो शोधले. पाऊस पडला की त्या खडकावरून खरेच धबधबे उतरतात आणि जिथून पाणी वाहतं तिथं काळे पट्टे दिसतात. आमचा डोंगर आदल्या दिवशीपेक्षा जास्त खरा झाला होता.

तिसऱ्या दिवशीची गोष्ट मी निवडली होती, फक्त ती दाखवायची कशी ते सुचत नव्हतं. तारीख होती १७ मे. १९२८ साली याच तारखेला क्वीन्सलँडमधल्या क्लॉनकरी गावातून उडत्या डॉक्टरांचं पहिलं विमान निघालं. ती कल्पना तडीस नेणारे जॉन फ्लिन प्रेस्बिटेरियन पाळक होते. आउटबॅकमध्ये शेजारचं घर शंभर-शंभर किलोमीटरवर, डॉक्टर त्याहून लांब. विमान आहे, पण आजारी माणसाने कळवायचं कसं? तिथं वीज नाही, तारा नाहीत. तेव्हा आल्फ्रेड ट्रेगर नावाच्या माणसाने पायडल मारून चालणारा बिनतारी संच बनवला. पायाने वीज करायची आणि संदेश पाठवायचा. पुढे १९५१ पासून ॲलिस स्प्रिंग्जहून रेडिओवर मुलांची शाळाही भरू लागली.

हे मी तुम्हाला चहा पिताना सांगितलं आणि तुम्ही कप अर्धा टाकून उठलात. तासाभराने आलात ते वहिनींच्या जुन्या शिलाई मशीनचा लोखंडी सांगाडा टेम्पोत घालून, सोबत सायकलचा डायनॅमो. मोठ्या चाकाला डायनॅमो लावलात, त्याला बल्ब. मुलाने पाय हलवायचा, बल्ब पेटला की तोंडाशी करवंटी धरून ओरडायचं, "डॉक्टर, डॉक्टर, लवकर या!" आणि हॉलच्या दुसऱ्या टोकाला पुठ्ठ्याचं विमान दोरीवरून सुटायचं. पाच दिवसांत सगळ्यात मोठी रांग तिथंच लागली. मोठ्यांचीही. पाळकसाहेबांना मी दोनदा रांगेत पाहिलंय. वहिनींनाही माझा नमस्कार सांगा. ते मशीन त्यांच्या माहेरचं होतं हे मला नंतर कळलं.

होड्यांचा खेळ मात्र माझा, तेवढं श्रेय मी घेते. ॲलिस स्प्रिंग्जमधून टॉड नावाची नदी जाते. नदी म्हणायची, पात्र बहुतेक वेळ कोरडं ठाक. तिथले लोक १९६२ पासून त्या वाळूत होड्यांची शर्यत लावतात. होडीला बूडच नसतं. आत उभं राहायचं, दोन्ही बाजूंनी होडी उचलायची आणि धावत सुटायचं. १९९३ मध्ये नदीला पाणी आलं म्हणून शर्यत रद्द करावी लागली! हे ऐकून तुम्ही म्हणालात, "मग आपल्या सीना नदीत पण लावता येईल." खोक्यांचं बूड कापून तुम्ही सहा होड्या करून दिल्यात आणि त्यांवर रंगाने नावं घातलीत. 'बिनबुडाची राणी' हे नाव तुमचंच. त्या आठवड्याचं वचनही बायबलमधल्या यशयाच्या पुस्तकातलं होतं, मरुभूमीत नद्या करण्याबद्दलचं. मे महिन्यातल्या सीनेच्या काठी राहणाऱ्या मुलांना ते समजावून सांगावं लागलं नाही.

आणि ती चौथ्या दिवसाची रात्र. निळ्या पडद्यावर ऑस्ट्रेलियाच्या झेंड्यावरचे तारे चिकटवायचे होते. तुम्ही शिडीवरून विचारलंत, "हा त्रिशंकू ना?" मी म्हटलं, नाही काका, हा सदर्न क्रॉस, दक्षिणेकडचा. तुम्ही वाद घातला नाहीत. साडेनऊला काम संपल्यावर मला आणि आवराआवरीला थांबलेल्या चार मुलांना गच्चीवर नेलंत आणि दक्षिणेला, पाण्याच्या टाकीच्या बाजूला, क्षितिजाच्या जरा वर बोट दाखवलंत. पतंगासारखे चार तारे, थोडे आडवेतिडवे, धुरकट. तुमचे वडील उन्हाळ्यात शेतावर झोपायचे तेव्हा दाखवायचे म्हणालात. आपल्याकडून मे महिन्यात रात्री थोडा वेळ तो दिसतो, मग बुडतो. मी नगरात जन्मले, वाढले, आणि हे मला छत्तिसाव्या वर्षी कळलं.

मुलांपैकी एकीने विचारलं, "म्हणजे तिकडच्या मुलांना पण हेच दिसतं?" तुम्ही म्हणालात, "त्यांच्या डोक्यावर असतं, आपल्याला जरा वाकून बघावं लागतं." दुसऱ्या दिवशी ती सगळ्या वर्गाला हेच वाक्य तुमच्या आवाजात सांगत होती.

शेवटच्या संध्याकाळी पालक आले तेव्हा तुम्ही गणपतीचे हॅलोजन आणि जिलेटीन कागद लावून डोंगरावर ऊन उतरवलंत, पिवळं, मग केशरी, मग तांबडं, शेवटी जांभळं. उलुरू मावळतीला तसाच रंग बदलतो. मागच्या बाकावरच्या आजी म्हणाल्या, "तिकडं कशाला जायचं आता?" तेव्हा तुम्ही मेन स्विचपाशी फळीवर बसून घाम पुसत होतात.

मजुरी तुम्ही घेतली नाहीत. सामानाचे दोन हजार तीनशे घेतलेत, तेही पावती मागून. नारळ दिला तर म्हणालात, खोबरं करून पोरांच्या पोह्यांवर घाला. घातलं.

गोणपाट धुऊन, उन्हात वाळवून, गुंडाळून ठेवलंय. दोनदा धुतलं तरी गेरू पुरता गेलेला नाही. गणपतीला त्याचा कैलास करणार असाल तर वरून पांढरा हात चांगला जाड मारावा लागेल. तुमची सहा फुटी शिडी, दोन क्लॅम्प आणि वहिनींच्या मशीनचा सांगाडा स्टोअररूममध्ये आहे. सांगाडा पोचवायला रविवारी उपासनेनंतर आमच्या तरुण संघाची मुलं येतील. ते डायनॅमो काढायला तयार नाहीत, तेवढं तुम्हीच त्यांना सांगा.

तुमची,
संडेस्कूलची ताई