तालिबानचं ना-हरकत प्रमाणपत्र कुठे मिळतं, साहेब?

मा. मंत्रिमहोदय यांस,

स. न. वि. वि.

पत्रास कारण की, माझ्या एका परदेशी शिष्याला पुण्यात माझ्याकडे शिकायला येऊ द्यावं, या अर्जावर परवा मंगळवारी आपल्या खात्याचं उत्तर आलं. चौदा महिने वाट पाहत होते, त्यामुळे पोस्टमनला आधी बसवून चहा दिला आणि मग पाकीट फोडलं. चहा वाया गेला.

उत्तरात लिहिलंय, ‘आपल्या रुबाब या वस्तूबाबतच्या अर्जाचा विचार करण्यात आला.’ रुबाब नाही हो, रबाब. रुबाब आपल्या दालनाबाहेरच्या शिपायाकडे असतो, तो मी पुष्कळदा पाहिला. रबाब हे तारांचं वाद्य आहे. पुढे असं आहे की, संबंधित परदेशी शिष्याने स्वतःच्या देशाच्या संस्कृती खात्याचं ना-हरकत प्रमाणपत्र आणि जिथे संगीताचं शिक्षण घेतलं त्या संस्थेचा शिक्क्यासह मूळ दाखला जोडल्यास फेरविचार करता येईल.

साहेब, तो मुलगा काबूलचा आहे.

त्या देशात ऑगस्ट 2024 मध्ये जो कायदा आला, त्यात बाईचा आवाजसुद्धा झाकून ठेवायची गोष्ट ठरली आहे. त्याच महिन्यात तिथल्या सदाचार खात्याने वर्षभराच्या कामगिरीचा हिशेब दिला, त्यात नष्ट केलेल्या वाद्यांचा आकडा होता 21,328. लपवलेला नाही, मिरवलेला आकडा. आपल्याकडे किती झाडं लावली ते सांगतात तसा. अशा सरकारच्या टेबलापुढे या पोराने उभं राहून म्हणायचं, ‘मला पुण्याला एका बाईकडे तबला शिकायला जायचंय, तुमची हरकत नाही ना?’ ज्या कारकुनाने हे वाक्य लिहिलं त्याचा राग मला आला नाही, त्याच्यापुढे छापील नमुना असेल. राग त्याचा आला की त्या कागदावर तिघांच्या सह्या आहेत आणि तिघांपैकी एकाचाही हात थांबला नाही.

इथून पुढे मी ‘आपण’ सोडून ‘तुम्ही’ म्हणणार आहे. अर्ज संपला, आता पत्र सुरू.

मुलाचं नाव लिहीत नाही. का ते वरच्या परिच्छेदावरून कळावं. 2019 साली तो पुण्यात बीबीए करायला आला. तेव्हा पुण्यात दोन-तीन हजार अफगाण मुलं होती म्हणतात. आकडा चुकला असेल तर तुमच्या खात्याने दुरुस्त करावा, तेवढं तरी काम होईल. आमच्या गल्लीत तिसऱ्या मजल्यावर चौघं राहायची. एका संध्याकाळी माझ्या शिकवणीत केहरवा चालू होता आणि हा दारात उभा. म्हणाला, ‘खालाजान (म्हणजे मावशी), मी बसू?’ बसला. तबला त्याने आधी थोडा शिकलेला होता, पण खरा हात रबाबावर. आजोबांचा रबाब, तुतीच्या एका ओंडक्यातून कोरलेला, वर बकऱ्याचं कातडं, तीन मुख्य तारा आणि खाली तरफांची, म्हणजे आपोआप गुंजणाऱ्या बारीक तारांची रांग. जवा, म्हणजे तार छेडायचा तुकडा, आपटला की आधी ठोका ऐकू येतो आणि सूर त्याच्या मागून. ज्यांनी सरोद ऐकलाय त्यांना ओळख पटेल, कारण सरोद ह्याच घरातून निघालाय.

मी पेटी घेतली, तो म्हणाला ‘बैरामी’. मला वाटलं काहीतरी पश्तू धून असेल. दोन ओळी झाल्या आणि मी हसायला लागले, ती आपली भैरवी होती. पिलूला ते पिलूच म्हणतात. अस्ताई, अंतरा, तराना हे शब्दसुद्धा तेच. त्याच्या मोहल्ल्यात गुरू शिष्याच्या मनगटाला दोरा बांधतो, मिठाई वाटतात, त्याला गोरमानी म्हणतात. आपण गंडाबंधन म्हणतो. मी त्याला बांधला. पाव किलो पेढे, दोघांच्या डोळ्यांत पाणी, आणि तुमच्या खात्यात ह्याची कुठेही नोंद नाही.

तो मोहल्ला म्हणजे काबूलमधलं खराबात. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अमीर शेर अली खानने हिंदुस्थानातून गवई-वाजंत्री बोलावले आणि ती घराणी तिथे वसली. खराबातचा मूळ अर्थ पडका भाग, शायरीत मद्यशाळा. 1992 ते 96 च्या यादवीत रॉकेटं पडून पडका भाग खराच झाला आणि कलावंत पेशावरला पळाले. मग पहिली तालिबान आली. चौक्यांवर कॅसेटच्या फिती तोरणासारख्या लटकवायचे, हे त्याने घरच्यांकडून ऐकलेलं. ह्याच खराबातचे उस्ताद सरआहंग. वडिलांनी लहानपणीच पतियाळा घराण्याच्या उस्ताद आशिक अली खानांकडे ठेवले, सोळा वर्षं शिकले, परत गेले आणि आयुष्यभर बेदिल या फारसी कवीच्या गझला गायले. बेदिल जन्मला पाटण्याला, वारला दिल्लीत 1720 साली. आपण विसरलेला आपला कवी तिकडे घराघरांत पाठ. ह्याला कुणी ‘द्विपक्षीय सांस्कृतिक संबंध’ म्हणालं की माझ्या अंगावर काटा येतो. अहो, हे नातं आहे. नात्याला करार लागत नाही. व्हिसा लागतो, हे मला फार उशिरा कळलं.

एक गोष्ट खरी म्हणून सांगते, नाहीतर म्हणाल बाई एकाच बाजूने रडते. तालिबानच्या आधीही तिथे सगळं गोड नव्हतं. पेशाने वाजवणाऱ्याला खालचं समजायचे, न्हावी जातीतले वाजंत्री म्हणून नाक मुरडायचे. हौशी असेल तर ‘शौकी’, पोटासाठी वाजवलं तर ‘कसबी’. आपण हसायचं कारण नाही. तमाशातल्या ढोलकीवाल्याला आपण ओसरीच्या आत किती दिवसांनी घेतलं? आणि पेटीला आपल्याच आकाशवाणीने 1940 पासून तीसेक वर्षं दार बंद ठेवलं होतं. पण बंद ठेवलं होतं. जाळली नव्हती.

जाळली तालिबानने, अफगाणिस्तानातल्या हेरातमध्ये, जुलै 2023 मध्ये. गिटार, पेटी, तबला, ध्वनिक्षेपक, सगळं ढिगात घालून. तबला जळताना कसा वास येत असेल ह्याचा विचार मी त्या रात्री करत बसले होते, कातडं आहे ना ते. त्याच हेरात प्रांतात 2016 साली आपण सलमा धरण बांधून दिलंय. काबूलला संसद बांधून दिली, झरंज ते देलाराम 218 किलोमीटरचा रस्ता दिला, सगळे मिळून तीन अब्ज डॉलरच्या वर. द्यायलाच हवं होतं, माझी तक्रार नाही. फक्त त्या तीन अब्जांत एका पोराचा विमानाचा भाडेखर्च का बसत नाही, एवढं सांगा.

जून 2021 मध्ये तो बहिणीच्या लग्नाला गेला. ‘खालाजान, महिनाभरात येतो’ म्हणाला आणि रबाब माझ्याकडे ठेवून गेला, सामान जास्त होत होतं म्हणून. 15 ऑगस्टला काबूल पडलं. दहा दिवसांनी आधी दिलेले सगळे व्हिसे रद्द. त्याच महिन्याच्या शेवटी अंदराब खोऱ्यात फवाद अंदराबी नावाच्या लोकगायकाला घरातून ओढून गोळी घातली, तेव्हापासून ह्याने फोनवर गाणं हा शब्द उच्चारलेला नाही. ‘ते काम’ म्हणतो. पेशावरला गेला. 2023 च्या नोव्हेंबरपासून पाकिस्तानने अफगाणांना हाकलायला सुरुवात केली, पुन्हा काबूल. आता मोबाइलची कव्हरं विकतो. विचारलं, हात कसा आहे? म्हणाला, टेबलावर बोटं वाजवतो, दुकानात कुणी नसलं तर.

आता तुमच्याकडे येते. आमच्या शहरातल्या महोत्सवात तुम्ही प्रमुख पाहुणे होतात. ज्येष्ठ शिक्षिका म्हणून मला शाल-श्रीफळ होतं. मी रबाब घेऊन आले होते, मुद्दाम. माइक हातात आल्यावर हकीकत सांगितली, तेव्हा तुम्ही रबाबाला हात लावलात, फोटो निघाला आणि हजार माणसांसमोर म्हणालात, ‘ताई, हा मुलगा पुण्यात येईल, ही माझी जबाबदारी.’ टाळ्या झाल्या. मीही वाजवल्या. तुमच्या स्वीय सहायकांनी कार्ड दिलं. त्या कार्डावरचा नंबर सातव्या महिन्यात बंद झाला.

मुंबईला मी सतरा खेपा केल्या, की अठरा. पहाटे उठायचं, गाडी पकडायची, गेटवर पास काढायचा, मग ह्या मजल्यावरून त्या मजल्यावर. माझं वय 67. डावा गुडघा बदललाय, उजवा बदलायचाय, त्याचे पैसे ह्या खेपांत गेले असं मुलगा म्हणतो. शुगर आहे म्हणून डबा नेते, तर एकदा तो सुरक्षेच्या कारणास्तव बाहेर ठेवायला लावला आणि मी जिन्यात चक्कर येऊन बसले. तिथे एक लिफ्टमन होता, त्याने बिस्किटं दिली. त्या इमारतीत मला मिळालेली एवढीच शासकीय मदत. एका टेबलावर म्हणाले विद्यापीठाचं प्रवेशपत्र आणा. माझ्या दोन खोल्यांना विद्यापीठ कोण म्हणणार? दुसऱ्या टेबलावर म्हणाले, वाद्य भारतीय नाही, योजनेत बसत नाही. तिसऱ्यावर म्हणाले, मग बाई, तुम्हीच रबाब तिकडे कुरिअर का करत नाही? मी त्या माणसाकडे नुसती बघत राहिले. 21,328 मध्ये आणखी एकाची भर घालायची, माझ्या खर्चाने.

आणि शिक्क्याचा दाखला मागता ना, तर तेही ऐका. काबूलला 2010 मध्ये राष्ट्रीय संगीत संस्था सुरू झाली होती. अनाथ पोरं, मुली, सगळे शिकायचे. मुलींचा अख्खा वाद्यवृंद होता, ‘झोहरा’ नावाचा. संस्थापक अहमद सरमस्त 2014 मध्ये कार्यक्रमातल्या आत्मघाती स्फोटात जखमी झाले, ऐकूच येईना, उपचार घेऊन परत आले आणि पुन्हा संस्था चालवली. 2021 नंतर ती सगळी मुलं-माणसं, दोनशे सत्तरच्या वर, पोर्तुगालने घेतली. पोर्तुगालने! ज्यांना भैरवी आणि बैरामीतलं काही सोयरसुतक नाही त्यांनी. आपल्या सगळ्या देशाहून लहान, महाराष्ट्राच्या एक तृतीयांशही नसेल. आमचा मुलगा त्या संस्थेचा नव्हे, तो आजोबांच्या गुडघ्याशी बसून शिकला. आजोबा वारले. त्यांचा शिक्का कुठून आणू?

डिसेंबर 2024 मध्ये रबाब बनवण्या-वाजवण्याची कला युनेस्कोच्या वारसा यादीत गेली. अफगाणिस्तान, इराण, ताजिकिस्तान, उझबेकिस्तान, चौघांच्या नावे. चौघांपैकी एका देशात ती कला गुन्हा आहे. त्याच महिन्यात आपले झाकीरभाई, तबल्याचे झाकीर हुसेन, गेले. माहीमचा हा मुलगा तेवीस वर्षांचा असताना, 1974 मध्ये, अमेरिकेत सिएटलला काबूलच्या उस्ताद मोहम्मद उमरांच्या रबाबाला साथीला बसला होता. श्रद्धांजलीच्या भाषणांत हे कुणी काढलं नाही. मी वाट पाहिली.

2025 च्या ऑक्टोबरात तालिबानचे परराष्ट्रमंत्री दिल्लीला आले. पहिल्या पत्रकार परिषदेत बाई पत्रकार नव्हत्या, ओरड झाल्यावर दुसऱ्या परिषदेत बोलावल्या. काबूलमधल्या आपल्या तांत्रिक कचेरीचा पुन्हा दूतावास झाला. मला परराष्ट्र धोरण कळत नाही, कळवून घ्यायची इच्छाही नाही. शेजाऱ्याशी बोलावं लागतं, ठीक. पण जे त्यांच्याशी बोलू शकतात त्यांना त्यांच्यापासून पळालेल्याशी बोलायला नमुना क्रमांक कितवा लागतो?

खरं तर तुमच्या एकट्याशी भांडून काय होणार? 2025-26 मध्ये केंद्राचा खर्च 50 लाख 65 हजार कोटी, त्यात संस्कृती खात्याला 3,361 कोटींच्या आसपास. शंभर रुपयांत साडेसहा पैसे, मी कॅल्क्युलेटरवर दोनदा केलं. त्या साडेसहा पैशांतून हार, मंडप, ड्रोनचा खेळ आणि तुमच्या फोटोचा फ्लेक्स गेल्यावर गाण्याला काय उरतं? मी शाळेतून निवृत्त झाले त्या दिवशी शाळेतलं संगीताचं पदही माझ्यासोबत निवृत्त झालं. आता त्या खोलीत निवडणुकीच्या मतपेट्या ठेवतात. माझ्या ओळखीच्या एका ढोलकीवाल्याचं मानधन हयातीच्या दाखल्यावरून अडलं. तो स्वतः टेबलापुढे उभा होता, तरी दाखला हवा. तिकडे वाद्य जाळतात, इकडे फाइलीत घालतात. मला माहीत आहे ही तुलना अन्यायाची आहे, इथे मला कुणी गोळी घालणार नाही. पण चौदा महिने माणसाला ‘उद्या या’ म्हणायचं, त्याला काय म्हणावं ते सुचवा.

मागणं एवढंच: त्याच्या अर्जातली ती ना-हरकतीची अट काढा, आणि गुरूच्या घरी शिकायला येणाऱ्याला तुमच्या तक्त्यात एक रकाना द्या. पेन तुमच्या खिशात असतं, फोटोत दिसतं.

जूनला पाऊस येईल. पावसात रबाबाचं कातडं भिजक्या पापडासारखं होतं, मग मी कपाटात साठचा दिवा लावून ठेवते. गेल्या वर्षी तरी दोन तरफा सुटल्या. कुठली कुठे बांधायची ते तो फोनवर सांगत होता, हळू आवाजात, आणि मध्येच गप्प झाला. दुकानात गिऱ्हाईक आलं होतं.

आपली,
एक निवृत्त संगीतशिक्षिका, पुणे
(नाव-पत्ता तुमच्या फाइलीत आहे. सापडत नसेल तर सतरा आवक क्रमांक माझ्याकडे आहेत.)

ता. क. तुम्ही दिलेली शाल वाया गेलेली नाही. रबाब तिच्यातच गुंडाळून ठेवलाय.