पदरची वाक्यं घालणाऱ्या नटाबद्दलही लिहा

मा. संपादक,
स.न.वि.वि.

तुमच्या रविवारच्या पुरवणीत परदेशी सिनेमांवर येतं ते मी नेमाने वाचतो, पण त्यात हिरो, डिरेक्टर आणि ऑस्कर एवढंच असतं, दहा मिनिटांच्या रोलमध्ये येऊन अख्खा पिक्चर खिशात घालणाऱ्यांवर चार ओळी पण नसतात म्हणून हे पत्र.

मला सांगायचंय फ्रेड विलार्ड या अमेरिकन विनोदी नटाबद्दल. 2020 च्या मे महिन्यात 86 व्या वर्षी गेला तो. साठच्या दशकात शिकागोच्या सेकंड सिटी या उत्स्फूर्त विनोदी नाटकमंडळीत तयार झालेला नट, म्हणजे हातात संहिता नाही, प्रेक्षकांतून कोणीतरी विषय देणार आणि समोरच्याने टाकलेलं झेलून पुढे न्यायचं. हीच तालीम पुढे दिग्दर्शक क्रिस्टोफर गेस्टच्या कमी बजेटच्या सिनेमांत कामाला आली. गेस्ट आणि यूजीन लेव्ही फक्त पात्रं, त्यांची पार्श्वभूमी आणि कुठल्या सीनमध्ये काय घडतं एवढंच लिहायचे, डायलॉग नटांनी कॅमेऱ्यासमोर काढायचे आणि मग तासन्‌तासाच्या फुटेजमधून दीड तासाचा सिनेमा एडिटिंगला बसून शोधायचा.

त्यांच्या 1996 च्या 'वेटिंग फॉर गफमन'मध्ये विलार्ड आणि कॅथरीन ओहारा हे छोट्या गावातलं, हौशी नाटकात काम करणारं ट्रॅव्हल एजंट जोडपं आहे. या सिनेमाच्या पटकथेला इंडिपेंडंट स्पिरिट अवॉर्डचं नॉमिनेशन मिळालं ते गेस्ट आणि लेव्ही यांच्या नावावर. त्यांचा हक्क आहेच, पण तोंडातली वाक्यं ज्यांनी जागेवर रचली ते नट पण लेखकच ना? मला तरी तसंच वाटतं.

आणि 2000 चा 'बेस्ट इन शो' तर बघाच! विलार्ड कुत्र्यांच्या स्पर्धेचा कॉमेंटेटर, कुत्र्यांतलं ओ की ठो कळत नाही पण पठ्ठ्या अखंड बोलतोय, मधेच शेजारच्या कॉमेंटेटरला मी वजन किती उचलत असेन ओळख असं विचारतो आणि त्याच्या चेहऱ्यावर आपण काही वावगं बोललो याची पुसटशी शंका पण नसते. शेजारचा जिम पिडक न हसता गंभीरपणे उत्तरं देत राहतो म्हणून ते फुलतं. इम्प्रोव्ह (संहितेशिवाय जागेवर रचलेला अभिनय) म्हणजे नुसता हजरजबाबीपणा नाही, समोरच्याचं नीट ऐकणं आहे, हे मला त्या दोघांकडे बघून कळलं.

कॉलेजच्या एकांकिकेत मी एकदा सहकलाकार वाक्य विसरला म्हणून वेळ सांभाळायला दोन वाक्यं बोललो, प्रयोग तरला, तरी नंतर 'पदरची वाक्यं घालायची नाहीत' म्हणून सगळ्यांसमोर झापलं गेलं, ते अजून बोचतं. ज्या भाषेत तमाशातली बतावणी इतकी वर्षं रंगली तिथे ही कला म्हणजे आगाऊपणा का समजतात?

विलार्डवर एक पानभर लेख छापा, आणि लिहिणाऱ्याला सांगा की आपल्याकडच्या सोंगाड्यांशी पण बोलून घे, ते ऐनवेळी वाक्य कसं काढतात ते त्यांच्याच तोंडून येऊ दे.

आपला,
एक वाचक, सातारा