पहिल्या चित्रपटाला दाद मागायला जागा हवी : माहिती व प्रसारण मंत्र्यांना खुले पत्र

माननीय केंद्रीय माहिती व प्रसारण मंत्री महोदय,

सविनय नमस्कार.

मी चित्रपट संकलक आहे. सध्या माझ्यासमोर एका तरुण दिग्दर्शिकेचा पहिला चित्रपट आहे. तिच्या स्वतःच्या वस्तीतून, स्वतःच्या आडनावातून आलेला. त्यात एक मुलगी भाड्याची खोली बघायला जाते. घरमालकीण विचारते, "आडनाव काय?" मुलगी सांगते. बाई क्षणभर थांबते. "नाही, म्हणजे तुम्ही कोणाच्यातल्या?" मुलगी जिना उतरू लागते, तेव्हा मागून एक शब्द ऐकू येतो. जातीवरून दिलेली शिवी. दिग्दर्शिका लहानपणापासून ती ऐकत आली आहे.

परवा ती म्हणाली, "तो शब्द म्यूट करून टाकू. सेन्सॉरला अडकलं तर मी कुठे जाऊ?"

चित्रपट अजून प्रमाणपत्र देणाऱ्या सेन्सॉर मंडळाकडे गेलेलाही नाही. कुणी आक्षेप घेतलेला नाही. तिच्या या प्रश्नाचं उत्तर मला देता आलं नाही, म्हणून तुम्हाला लिहितो आहे.

चित्रपट प्रमाणनाच्या १९९१ च्या मार्गदर्शक तत्त्वांनुसार वांशिक, धार्मिक वा इतर समूहांचा अवमान करणारे शब्द पडद्यावर नकोत. हेतू योग्यच आहे. पण शिवी देणं वेगळं आणि ती सोसलेल्या माणसाने साक्ष देणं वेगळं. तो शब्द पुसला तर जिन्यावरची बाई सुटते, आणि मुलगी का रडते हे प्रेक्षकाला कळतच नाही. असा बारीक फरक समजून घ्यायला वेळ देऊन ऐकणारं कुणीतरी लागतं.

असं एक ठिकाण होतं. दिग्दर्शक ख्वाजा अहमद अब्बास आपल्या लघुपटासाठी सर्वोच्च न्यायालयात गेले, तेव्हा १९७० च्या त्या निकालात न्यायालयाने पूर्वपरीक्षण, म्हणजे प्रदर्शनाआधी चित्रपट तपासणं, वैध ठरवलं. पण अपील स्वतंत्र न्यायाधिकरणाकडे किंवा न्यायालयाकडे जाईल, अशी भूमिका सरकारने तिथेच घेतली होती. १९८३ मध्ये चित्रपट प्रमाणन अपील न्यायाधिकरण आलं. 'लिपस्टिक अंडर माय बुरखा'ला नाकारलेल्या प्रमाणपत्राचा मार्ग २०१७ मध्ये तिथेच मोकळा झाला. एप्रिल २०२१ मध्ये ते बंद झालं. आता थेट उच्च न्यायालय. मोठ्या निर्मात्याकडे वकील असतात. मित्रांकडून उसने पैसे घेऊन शूटिंग केलेल्या मुलीने वकिलाची फी कुठून आणायची?

न्यायाधिकरण किंवा तसंच स्वस्त, मुदतीत निर्णय देणारं अपील मंडळ पुन्हा सुरू करा. दिल्लीपर्यंत यायला लागू नये, सुनावणी ऑनलाइनही व्हावी. चित्रपट प्रमाणनाच्या २०२४ च्या नियमांत सेन्सॉर मंडळावर एक तृतीयांश महिला असाव्यात, ही चांगली तरतूद आली. त्याच धर्तीवर, ज्यांच्या जगण्यावर हे चित्रपट बोलतात त्या दलित, आदिवासी, भटक्या-विमुक्त, तृतीयपंथी समाजांतली माणसंही परीक्षण करणाऱ्यांत असू द्या. तो शब्द कुठून येतो, हे त्यांना समजावून सांगावं लागणार नाही.

साउंड मिक्सिंगला अजून तीन आठवडे आहेत. जिन्यावरचा तो शब्द मी अजून काढलेला नाही.

आपला,
एक चित्रपट संकलक